स्त्रीपार्टी करणारी बाई : कर्लीकाठच्या एका गावातलं प्रकरण

हे प्रकरण एका परफॉर्मन्स कलाकाराचं आहे. वय पस्तिशीच्या आतबाहेर. जन्म मुंबईतला, वडील गिरणगावात राहिलेले चाकरमानी, मूळ गाव कुडाळ तालुक्यात कर्ली नदीच्या काठी. चित्रकलेचं रीतसर शिक्षण झालं, आणि पुढे कॅनव्हास बाजूला ठेवून ती स्वतःचं शरीरच माध्यम म्हणून वापरू लागली. मुंबईत तिची काही कामं झाली, त्यांची दखलही घेतली गेली. मग तिच्या मनात आलं की ‘मी कोण’ हा प्रश्न आपण कायम अनोळखी माणसांसमोर मांडतोय. ज्या गावी दर गणपतीला जातो, तिथे तो मांडून बघायला हवा. म्हणून एका जत्रेच्या मोसमात ती गावी येऊन राहिली. मी नाट्यशिक्षणात काम करते. या कामाच्या नोंदी ठेवायला तिने मला सोबत घेतलं होतं.

माणसांची आणि गावाची नावं इथे मुद्दाम दिलेली नाहीत. हे लिखाण तिने वाचलं आहे. शेवटच्या भागातलं माझं मत तिला मान्य नाही, तरी ते तसंच राहू दे असं तिनेच सांगितलं.

आधीचं काम

परफॉर्मन्स आर्टमध्ये संहितेपेक्षा आणि भूमिकेपेक्षा कलाकाराची स्वतःची हजेरी मोठी. मरिना अब्रामोविच २०१० साली न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्ये १४ मार्च ते ३१ मेपर्यंत, संग्रहालय उघडं असेल तेवढा वेळ, खुर्चीवर गप्प बसून राहिली. समोरच्या खुर्चीवर कोणीही यावं, हवं तेवढं बसावं, उठावं. त्याच्या कितीतरी आधी, १९७३ ते १९७५ या काळात, एड्रियन पायपरने मिशा, काळा चष्मा आणि केसांचा टोप लावून पुरुषाचं रूप घेतलं आणि त्या रूपात ती रस्त्यांवर वावरली. आपल्याकडे पुष्पमाला एन. यांनी २००० ते २००४ या काळात छायाचित्रकार क्लेअर आर्नी यांच्यासोबत दक्षिण भारतीय बायकांच्या ठरलेल्या प्रतिमा, रविवर्म्याच्या चित्रांपासून वसाहतकाळातल्या मानववंशशास्त्रीय फोटोंपर्यंत, स्वतः त्या वेषात उभं राहून पुन्हा घडवल्या. आणि आमच्या शेजारी गोव्यात राहणाऱ्या निखिल चोप्रांनी २०१९मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियममध्ये नऊ दिवस मुक्काम करून, वेश आणि रूप बदलत, चित्र काढत काम केलं.

आमच्या कलाकाराचं मुंबईतलं काम यातल्या पहिल्या वाटेचं होतं. साधे कपडे, चेहऱ्याला काही लावलेलं नाही, समोर रिकामं आसन आणि एक पाटी : ‘मी कोण आहे ते मला सांगा.’ लोक बसायचे आणि कागदावर लिहून जायचे. ‘एकटी’, ‘थकलेली’, ‘माझ्या बहिणीसारखी’, ‘कोणीही’. तिच्या मते कोऱ्या चेहऱ्यावर माणसं स्वतःलाच वाचतात, आणि त्या वाचनातून तिला स्वतःबद्दल काहीतरी कळतं. मुंबईत हे खरंही होतं.

बाजारातली सकाळ

गावी आल्यावर तिने तेच काम आठवडा बाजारात केलं. एका बाजूला सुक्या मासळीच्या टोपल्या, दुसऱ्या बाजूला लाल माठ आणि मुळ्याच्या जुड्या, मध्ये दोन स्टुलं आणि ती पाटी. बोलायचं नाही हा नियम.

सुरुवातीला माणसं लांबून गेली. कोणाला वाटलं सर्व्हे आहे, कोणाला वाटलं कसल्या तरी योजनेचे फॉर्म भरून घेतायत. एकाने हळूच मला विचारलं, ‘बरी असा मा ती?’ मासळीवालीने स्वतःच्या छत्रीची सावली तिच्या अंगावर पडेल अशी टोपली सरकवली. मग वालाच्या शेंगांचं गाठोडं घेऊन एक आजी आली आणि समोरच्या स्टुलावर टेकली. पाटी तिने वाचली नाही. सरळ विचारलं, ‘कोणाचां चेडू गो तू?’ म्हणजे कोणाची मुलगी.

ही गप्प. आजीने तिचं नाक बघितलं, कपाळ बघितलं, हाताची बोटं धरून बघितली. नाकावरून वाडी ठरली, कपाळावरून घर ठरलं. तीन भावांतला कोण, यावर ती जरा अडली. मग मासळीवालीला हाक मारून दोघींनी मिळून तेही मिटवलं. ‘धाकट्याचां तां. मुंबैक असता तेचां.’ उत्तर शंभर टक्के बरोबर होतं. मग आजी उठली, गाठोडं तिच्या हातात दिलं आणि तिला जेवायला घरी घेऊन गेली. काम तिथेच संपलं.

कलाकाराला वाटलं की ते फसलं. मला ते फसल्यासारखं वाटलं नाही. तिच्या प्रश्नाचं सगळ्यात नेमकं उत्तर तिला त्या दिवशी मिळालं होतं. अडचण एवढीच की त्या उत्तरात तिची स्वतःची काहीच भर नव्हती. गावात उघडा चेहरा कोरा नसतो. त्यावर बापाचं नाक असतं, वाडी असते, घराण्यातलं जुनं भांडण असतं, मुंबईच्या खोलीचा पत्ता असतो. रंग न लावता गावात बसणं म्हणजे आधीच दिलेली भूमिका करणं : चाकरमान्याची मुलगी, माहेरवाशीण, शिकलेली, अजून लग्न न झालेली. शहरात जो चेहरा उघडा ठेवल्याने तिला मोकळीक मिळत होती, तोच गावात उघडा ठेवल्यावर तिच्या हातात काही उरलं नाही. आजीच्या घरी भाकरी खाताना तिला हे माझ्याआधी कळलं असावं, कारण त्याच संध्याकाळी ती म्हणाली, ‘मला रंग लागेल.’

दशावतार

कोकणात रंग म्हटलं की दशावतार. गावात याला धयकालो म्हणतात. परंपरा सांगते की राजापूर तालुक्यातल्या आडिवऱ्याच्या श्यामजी नाईक काळे यांनी अठराव्या शतकात तो कर्नाटकातून इकडे आणला. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली सांगलीत ‘सीता स्वयंवर’ केलं, त्याच्या बऱ्याच आधीपासून कोकणातल्या देवळांपुढे रात्रभर ही नाटकं चालत होती. पारसेकर, मोचेमाडकर, आजगावकर, वालावलकर, चेंदवणकर या जुन्या कंपन्यांची नावं आजही घरोघरी ठाऊक असतात.

भातकापणी उरकली, कार्तिकातल्या जत्रा सुरू झाल्या की कंपन्या बाहेर पडतात आणि पावसाच्या तोंडापर्यंत गावोगाव फिरतात. रात्री उशिरा गणपती येतो, रिद्धी-सिद्धी येतात, ब्रह्मदेव, सरस्वती, मग काळा बुरखा आणि लांब लाल जीभ घेऊन मालवणीत बोलणारा संकासुर. हा झाला आडदशावतार. नंतर आख्यान, पहाटेपर्यंत. संवाद लिहिलेले नसतात. दुपारी बसून कथा ठरवतात, प्रवेश वाटून घेतात, आणि रात्री प्रत्येकजण आपापल्या वाचनावर आणि जिभेवर उभा राहतो. पेटी, मृदंग, झांज, एक बाकडं. एवढ्यात स्वर्ग, अरण्य, दरबार सगळं उभं राहतं.

यात राजपार्टी असतो, खलपार्टी असतो आणि स्त्रीपार्टी असतो. स्त्रीपार्टी म्हणजे बायकांच्या भूमिका करणारा पुरुष. अलीकडे जिल्ह्यात महिलांनी केलेले दशावतारही होतात, पण जत्रेतल्या कंपनीत द्रौपदी, तारामती, मंदोदरी आजही बहुतेक करून पुरुषच असतात. प्रेक्षकाला हे पक्कं माहीत असतं. आता रडणारी तारामती सकाळी रिक्षा चालवते किंवा काजूची बाग राखते, हे ठाऊक असलेली बाईच पुढच्या रांगेत डोळे पुसत असते. दोन्ही गोष्टी तिला एकाच वेळी दिसतात, आणि एकामुळे दुसरी खोटी ठरत नाही. ओळख या विषयावर मी वर्गात बरंच काही शिकवते. पण जत्रेतल्या त्या रांगेइतकं सोपं करून मला ते कधी सांगता आलेलं नाही.

बालगंधर्वांच्या (१८८८–१९६७) साड्या, दागिने, केशरचना यांचं अनुकरण त्या काळच्या घरंदाज बायका करत, हे आपण ऐकत आलोय. पुरुषाने घडवलेली बाई परत बायकांकडे आली आणि त्यांनी ती अंगावर घेतली. कलाकाराचा प्रश्न इथून सुरू झाला. कोकणच्या रंगमंचावर बाईपण म्हणून जे पिढ्यान् पिढ्या दिसत आलं, ते पुरुषांनी रचलंय. ते मी शिकले, त्यांच्याच रंगाने माझ्या तोंडावर लावलं, तर समोरच्याला काय दिसेल? बाई करणारा पुरुष करणारी बाई. आणि यात ‘मी’ कुठे असेल?

परवानग्या

ज्या कंपनीचं नाटक त्या वर्षी गावात होतं, तिथल्या ज्येष्ठ स्त्रीपार्टीला ती भेटली. आम्ही त्यांना काका म्हणायचो. रंग शिकवायला ते तयार झाले, पण दोन अटींवर. एक, टिंगल नको. पोरवयात चालण्यावरून, आवाजावरून त्यांनी फार ऐकून घेतलं होतं आणि आता कोणाच्या कॅमेऱ्यासाठी ते पुन्हा ऐकणार नव्हते. दुसरी अट मला जास्त महत्त्वाची वाटली : अर्ध्या रंगात फोटो नको. रंग लावण्याआधीचा घ्या, पुरा झाल्यावरचा घ्या, मधला नको. ‘मदी मी कोण नसतंय,’ ते म्हणाले. कलाकाराला नेमकं तेच मधलं हवं होतं. तिचं सगळं काम त्या मधल्यावरच बेतलेलं होतं. तरी तिने अट मान्य केली, लिहून दिली आणि पाळली.

देवस्थानाकडे तिने देवळापुढचा मांडव मागितला. नकार आला. नकार देणारे तिरसट वगैरे नव्हते. त्यांचं म्हणणं सरळ होतं : या जागी देवाला गाऱ्हाणं, म्हणजे मागणं, घालून नाटक उभं राहतं, ते देवाच्या पुढ्यात होतं, त्या जागी तपासून बघण्याचं काम नको. शहरातल्या मित्रांना यात बाईला केलेली बंदी दिसली. मला तसं दिसलं नाही. तीच मंडळी एखाद्या घरापुढच्या खळ्यात, म्हणजे अंगणात, करायचं तर चटया आणि बल्ब द्यायला तयार होती, आणि त्यांनी ते दिलेही. शेवटी जत्रेनंतरच्या दिवशी, कंपनी अजून पंचक्रोशीत होती तेव्हा, कंपनीला वर्षानुवर्षं जेवण घालणाऱ्या एका घराच्या खळ्यात काम ठरलं. ते घर बाजारातल्या त्या आजीचं निघालं.

खळ्यातली संध्याकाळ

पाऊस गेल्यावर नव्याने चोपलेलं, त्याच दिवशी शेणाने सारवलेलं खळं. मधोमध दोन पाट, दोन आरसे, दोन बल्ब. काकांना त्या रात्री शेजारच्या गावात नाटक होतं, तेव्हा त्यांना तसंही रंगायचंच होतं. एरवी रंगपटात बायका जात नाहीत. त्या संध्याकाळी वाडीतल्या बायका खळ्याच्या कडेला, तुळशीभोवती, पडवीच्या पायऱ्यांवर दाटीने बसल्या होत्या.

काकांनी आधी खोबरेल चोळलं. पूर्वी सफेदा, पिवडी, हिंगूळ लागायचं, आता पॅनकेक आणि ट्यूबा असतात. हात मात्र जुनाच. तळव्यावर रंग घेऊन कपाळाच्या मधून बाहेर, गालावरून कानामागे, गळ्यावर थेट ब्लाउजच्या गळ्याखाली बोटभर. ‘गळो इसरलंस तर मुंडक्या येगळा दिसता,’ ते तिला सांगत होते. भुवई खऱ्या भुवईच्या वर काढायची, कारण खरी भुवई पुरुषाची असते. इथे तिचा हात थांबला. तिची भुवई बाईचीच होती. वर काढायची का? काका क्षणभर विचारात पडले आणि म्हणाले, ‘काड. शेवटच्या रांगेतल्याक तुजी दिसाची नाय.’ तिने स्वतःच्या भुवया रंगाखाली बुजवल्या आणि वर नव्या काढल्या. माझ्या वहीत त्या जागी दोन रेघा मारलेल्या आहेत. माझ्या दृष्टीने तिचं काम इथे सुरू झालं.

मग लुगडं, टोप, खोपा, अबोलीचा वळेसर. दोघं पाटावर समोरासमोर. काका आता काका राहिले नव्हते. मान, बोटं, पापण्या सगळं बदललं होतं. त्यांनी तिला न्याहाळलं आणि म्हणाले, ‘पाय जवळ घे. बायलमाणूस असां बसणां नाय.’

आधी हशा पिकला. मग पडवीतून आजीचा आवाज आला : ‘आमी खंय तसे बसताव रे? कामार बसलेला बायलमाणूस पाय पसरून बसता. तू बसतंस ती पाटार बसलेली नवरी.’

काकांनी ते हसण्यावारी नेलं नाही. ते तिच्याकडे वळून समजावू लागले. जत्रेत हजार माणूस असतं, मागचा माणूस माडाखाली उभा असतो. त्याला ‘ही राणी’ हे बसण्यावरूनच कळायला हवं. पाय पसरून बसलं तर त्याला दासी दिसेल. आजी म्हणाली, राणीही कधीतरी चुलीपुढे बसली असेल. दुसरी म्हणाली, कळशी कमरेवर घेताना तुम्ही कंबर बाहेर काढता, तशी काढली तर पाणी सांडेल. तिसरी म्हणाली, नवरा मेल्यावर कोणी असं हात पसरून रडत नाही, आधी मुलांकडे बघतात. हे बोलणं थट्टेत सुरू झालं होतं, पण त्यातली धग वाढत गेली. वर्षानुवर्षं ज्यांचं सोंग समोर बघितलं, त्याबद्दल त्या बायकांना पहिल्यांदा कोणी बोलू देत होतं. आणि समोर तो माणूस बाईच्या रूपात बसून मन लावून ऐकत होता, उत्तरं देत होता, एकदोन गोष्टी मान्यही करत होता.

मग आजी उठली. तिने पदर खोचला, तोंडाला रंगाचं बोटही न लावता खळ्याच्या मधोमध येऊन उभी राहिली आणि काकांची द्रौपदी केली. मनगट वळवून, मान तिरकी करून, भरदार आवाज काढून ‘नाऽऽथ’ अशी हाक मारली. खळं दणाणलं. काकांनी तिथेच तिला सुधारलं, ‘मान खाली, नजर वर.’ तिने तसं केलं. त्यानंतर तिने जे केलं ते कोणाच्याच ध्यानीमनी नव्हतं. नाटक सुटल्यावर पहाटे तिच्या दारात येणारे काका तिने केले : लुंगी लावलेले, कानामागे रंग राहिलेला, आवाज बसलेला, एक हात अजून पदर सावरायला छातीकडे जाणारा, आणि हळूच ‘वैनी, च्या असा काय?’ म्हणणारे. पुरुष करायचा, पण त्याच्या अंगातली बाई अजून उतरलेली नाही, असा पुरुष. हे निरीक्षण कित्येक वर्षांच्या पहाटांचं होतं. चहा देता देता तिने ते टिपलं होतं आणि कोणाला दाखवलं नव्हतं.

कलाकार तेव्हा पूर्ण रंगात पाटावर बसलेली होती. तिच्याकडे कोणाचंही लक्ष नव्हतं. तिने काही केलं नाही, मध्ये पडली नाही, आरसा खाली ठेवला आणि आजीकडे बघत राहिली. मुंबईतल्या कामात ती मध्यभागी असायची. इथे मध्यभाग तिने सोडला, हे मला तिच्या आजवरच्या कामातलं सर्वात धीट पाऊल वाटतं.

व्हिडिओ

पुढची गोष्ट आजकाल कुठेही घडते तशी घडली. वाडीतल्या एका पोराने आजीचा भाग मोबाईलवर घेतला आणि गावच्या मुंबईकरांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला. हसरे चेहरे आले, ‘जबरदस्त’ आलं, मग ‘म्हातारपणी काय हे’ आलं. रात्री उशिरा आजीच्या मुलाचा कलाकाराला फोन आला. आईला चारचौघांत नाचवलं, आमची शोभा केली, असं त्याचं म्हणणं होतं. तिने माफी मागितली. ग्रुपवरचा व्हिडिओ काढायला लावला. आणि तिच्या स्वतःच्या कॅमेऱ्यात जे चित्रीकरण होतं, त्यातला आजीचा भाग कामात वापरणार नाही, असा त्याला शब्द दिला.

नंतर मुंबईत ते काम दाखवलं गेलं तेव्हा दोन पडदे होते. एकावर काका, रंगाआधी आणि रंगानंतर, दुसऱ्यावर ती. अट पाळून मधला भाग काळा ठेवलेला. बायकांचे आवाज ऐकू येतात, भांडण ऐकू येतं. आजी नाही. बघणाऱ्यांना ते काम आवडलं. त्यात कोणाची कमतरता आहे, हे त्यांना कळणार तरी कसं?

मतभेद

कलाकाराची बाजू आधी मांडते, कारण ती हलकी नाही. आजी मुलाने पाठवलेल्या पैशावर राहते. घरात कटकट झाली तर ती आजीला सोसावी लागेल. आम्ही दोघी तर गाव सोडून जाणार. अशा वेळी ज्याच्यावर परिणाम होणार त्याला झळ लागू नये एवढं बघावं, आणि काम थोडं उणं राहिलं तरी चालेल. परफॉर्मन्स आर्टमध्ये दुसऱ्याच्या देहाचा, दुःखाचा वापर बेफिकिरीने झाल्याची उदाहरणं कमी नाहीत. ती सावध राहिली, याबद्दल मला तिचा आदर आहे.

तरी माझं म्हणणं वेगळं आहे. तिने मुलाला विचारलं. आजीला विचारलं नाही. काकांनी अटी घातल्या कारण त्यांना आधी विचारलं होतं. कलावंत म्हणून त्यांच्याशी बोलणी झाली, कागद झाला, मानधन ठरलं. आजीकडे जागा मागितली, चटया पसरायची परवानगी मागितली, जेवण मागितलं. ती उठून उभी राहील ही शक्यताच आम्ही धरली नव्हती. आमच्या हिशेबात ती घरमालकीण होती, प्रेक्षक होती. आणि ती कलावंत झाली त्याच रात्री तिच्या सोंगाचं काय करायचं हे मुंबईतल्या मुलाने आणि मुंबईतल्या कलाकाराने फोनवर ठरवून टाकलं. ज्या संध्याकाळी बायका म्हणत होत्या की आम्ही कशा बसतो ते आम्हाला विचारा, त्याच रात्री हे झालं. स्वतःला मांडायचा हक्क हा कलाकाराचा विषय होता. तो खळ्यात एकीने स्वतःहून घेतला, आणि आम्ही तो काळजीपोटी तिच्या हातून काढून घेतला.

दोन गोष्टी इथे एकात मिसळल्या गेल्या, असं मला वाटतं. पोराने चोरून घेतलेला व्हिडिओ आणि त्याखालच्या शेरेबाजीने मुलगा दुखावला. ते दुखणं खरं होतं आणि तो व्हिडिओ काढायलाच हवा होता. पण कलाकाराचं चित्रीकरण तो व्हिडिओ नव्हता. त्यात भांडण होतं, काकांनी केलेली सुधारणा होती, आजीच्या सोंगामागचं सगळं बघणं होतं. एकीकडची चूक निस्तरताना दुसरीकडचं कामही पुसलं गेलं.

यावर व्यवहारातला उपाय फार अवघड नाही. लोकांमध्ये जाऊन काम करणाऱ्याने कॅमेरा लावण्याआधी ‘भाग घेणारे’ आणि ‘बघणारे’ अशी वाटणी कागदावर पक्की करू नये. जो उठेल तो भाग घेणारा. त्याच रात्री किंवा दुसऱ्या सकाळी, घरच्यांच्या आधी, त्या माणसाजवळ बसावं, चित्रीकरण त्याला दाखवावं आणि काकांना विचारलं तसंच विचारावं : यातलं कुठलं ठेवायचं, कुठलं नको, आणि तुमची अट काय? आजी लिहिते-वाचते की नाही याचा इथे काही संबंध नाही. तिने उत्तर दिलंच असतं.

ते तिने दिलंही, फक्त उशिरा. मोसम संपत आला असताना मी पुन्हा त्या गावी गेले होते. तिच्याबद्दलचं सगळं तिला कळलेलं होतं : व्हिडिओ, मुलाचा फोन, मुंबईतले दोन पडदे. मुलावर ती रागावलेली नव्हती. ‘तेका वायट वाटला, वाटांदे,’ एवढंच म्हणाली. तिची तक्रार दुसरीच होती. ‘नाटकवाल्यांका नाईट मिळता. माजी नाईट खंय असा?’

एका प्रयोगाच्या मानधनाला कंपनीत नाईट म्हणतात. मी हे कलाकाराला कळवलं. काकांना त्या संध्याकाळचे जेवढे दिले होते, तेवढेच पैसे तिने आजीला पाठवले. ते आजीने मोजून घेतले. आजीचा भाग मात्र अजून बाहेरच आहे, कारण दिलेला शब्द मोडायला कलाकार तयार नाही आणि यावर आम्हा दोघींचा वाद चालूच आहे. त्रिपुरी पौर्णिमेनंतर ती पुन्हा गावी जाणार आहे. या वेळी आजी टोप घालून, पूर्ण रंग लावून करणार, हे आजीनेच ठरवलंय. मुलाला कळवायला हवं, असं कलाकार फोनवर म्हणाली तेव्हा तिकडून उत्तर आलं, ‘झिलाक मिया सांगतलंय. तू मदी पडा नको.’